गावातल्या माणसाचं आयुष्य लिहायला बसताय? आधी हे वाचा

मे महिन्यात चाकरमानी गावाला आले की कोकणात स्मरणिकांचा मोसम सुरू होतो. शाळेची शताब्दी, ग्रामस्थ मंडळाचा सुवर्णमहोत्सव, देवळाचा जीर्णोद्धार, कुणाची पंचाहत्तरी. मग गावात मराठी बरं असलेला एखादा पुतण्या नाहीतर निवृत्त बाई हेरून त्यांच्या गळ्यात काम घातलं जातं: "अण्णांवर चार पानं लिहून द्या." असे लेख तपासून छपाईला पाठवायचं काम मी बरीच वर्षं करतोय. निम्म्या लेखांतलं नाव बदललं तर ते शेजारच्या वाडीतल्या कुणालाही चालतील. कष्टाळू, शिस्तप्रिय, देवभोळे, वरून फणसासारखे काटेरी आणि आतून गोड. तेव्हा पहिली अट: लेखात फणस आणायचा नाही.

दुसरी गोष्ट लिहायला घेण्यापूर्वीच मान्य करून टाका. दुसऱ्याचं आयुष्य आपल्याला पुरतं कळत नाही. पन्नास वर्षं एका छपराखाली काढलेल्या बायकोला नवऱ्याचं कळत नाही, तिथे चार दुपारी ओटीवर बसलेल्या आपली काय कथा? पण म्हणून हात टेकायचंही कारण नाही. जेवढं कळलं तेवढं, कुणाकडून कळलं, आणि कुठून पुढे आपल्याला दिसलं नाही, हे वाचकाला समजेल असं लिहिता येतं. त्यासाठी प्रतिभा लागत नाही, थोडी शिस्त लागते.

आधी स्वतःची जागा

एक वही घ्या. पहिल्या पानावर त्या माणसाचं काही लिहू नका, स्वतःचं लिहा. मी यांचा कोण? भावकीतला, पलीकडच्या वाडीचा, यांच्या हाताखाली शिकलेला, यांच्या घरी जेवून मोठा झालेला? आमच्यात जमिनीचा, विहिरीचा, गडग्याचा (दगडी कुंपणाचा) काही वाद आहे का? असला तर कितव्या पिढीपासून? यांच्याबद्दल कडू लिहिलं तर मला घरात कोण बोलेल, आणि गोड लिहिलं तर कोण? हे पान छापायचं नसतं. पण लेखाचा मसुदा झाला की ते उघडून शेजारी ठेवायचं. कुठे तुमचा हात आखडला आणि कुठे सैल सुटला, ते तिथल्या तिथे दिसतं.

गावात तुम्ही कुणाचे कोण हे सगळ्यांना ठाऊक असतं आणि समोरचा त्या हिशेबाने बोलतो. खोताच्या, म्हणजे गावाचा सारा वसूल करणाऱ्या वतनदाराच्या, नातवाने कुळाच्या, म्हणजे खोताची जमीन कसणाऱ्याच्या, घरातल्या म्हाताऱ्याला विचारलं, "आमचे आजोबा कसे होते हो?" तर उत्तर ठरलेलं: "देवमाणूस." तोच म्हातारा स्वतःच्या नातीला सांगेल की भात कुणाच्या मापाने मोजलं जायचं, वेठीला कधी जावं लागायचं आणि खोताच्या घरी गेल्यावर खळ्यात नेमकं कुठे बसायचं. दोन्ही बोलणी त्याचीच. कूळकायदा १९४८ चा, खोती नष्ट करणारा कायदा १९४९ चा, आणि कसणाऱ्या कुळांना मालक मानण्याचा ठरलेला दिवस १ एप्रिल १९५७. म्हणजे आज नव्वदीला आलेल्या माणसाने हे सगळं कळत्या वयात पाहिलंय. अलिबागजवळ चरीला तर १९३३ पासून जवळजवळ सहा वर्षं शेतकऱ्यांनी खोतांच्या जमिनी कसायच्या नाहीत म्हणून संप केला. त्या भागातल्या घराबद्दल लिहिताना ते घर तेव्हा कुठल्या बाजूला होतं, हे विचारल्याशिवाय पुढे जाताच येत नाही.

तुम्ही खोताकडचे असाल आणि कुळाकडच्या माणसावर लिहायचं असेल, तर माझा सल्ला सरळ आहे. त्यांच्या घरातलीच एखादी शिकलेली नात किंवा सून शोधा, तिला बसू द्या, तुम्ही नंतर ऐका. आणि लेखात लिहा की हे बोलणं तिने करून घेतलं. बौद्धवाडी, मोहल्ला, खारवीवाडा, कुठेही हेच. परक्याला सांगायचं आयुष्य आणि घरच्याला सांगायचं आयुष्य यांत अंतर असतं. ते मिटत नाही, पण कमी करता येतं.

बोलण्याआधी कागद

माणसाकडे जाण्यापूर्वी त्याचे कागद पाहून जा. शाळेचं जनरल रजिस्टर, सातबारा आणि जुने फेरफार (जमिनीवरच्या नावांत झालेल्या बदलांच्या नोंदी), तहसील कार्यालयात सापडलाच तर जन्म-मृत्यूचा गाव नमुना १४, ज्याला कोतवाल बुक म्हणतात तो. जुनं बरंचसं मोडी लिपीत असतं, तेव्हा मोडी वाचणारा माणूस आधी गाठून ठेवा.

कागद खरा असतो असं समजू नका. शाळेच्या रजिस्टरवर १ जून ही जन्मतारीख दिसली की थांबा. शाळा जूनमध्ये सुरू व्हायची, पोराला जन्मतारीख नसायची, गुरुजी अंदाजाने साल धरून १ जून घालायचे. महाराष्ट्रात अर्धी म्हातारी माणसं १ जूनला जन्मलेली आहेत ती अशी. ती तारीख वाढदिवस म्हणून छापू नका; 'रजिस्टरप्रमाणे' एवढा शब्द पुढे जोडा.

फेरफार मात्र सावकाश वाचा. बायकांच्या आयुष्याबद्दल लिहिणाऱ्याला याच्याइतका उपयोगाचा कागद दुसरा नाही. नमुना साधारण असा असतो: अमुक इसम अमुक तारखेस मयत, वारस म्हणून मुलगे तीन, मुली दोन, मुली लग्न होऊन सासरी नांदत आहेत. मग काही महिन्यांनी, कधी काही वर्षांनी, दुसरी नोंद: मुलींनी स्वखुशीने हक्कसोड पत्र करून दिल्यावरून त्यांची नावं कमी केली. त्या 'स्वखुशीने'पाशी थांबायचं. एका आजीला मी त्या दिवसाबद्दल विचारलं होतं. सही कुठे केली, कागदावर काय होतं, काहीच सांगता आलं नाही. पण तालुक्याला भावाने एसटीने नेलं होतं, खिडकीची जागा दिली होती, येताना बाजारातून खाजा घेऊन दिला, हे सगळं लख्ख. "त्या दिवशी लय प्रेमात होता," म्हणाल्या आणि हसल्या. ते हसणं कसलं, हे मला अजून ठरवता आलेलं नाही. लेखात मी ते वाक्य आणि 'हसल्या' एवढंच ठेवलं. तिथे 'भाबडेपणाने' किंवा 'उपरोधाने' असा एक शब्द घालायचा फार मोह होतो. तो घालण्याचा अधिकार आपल्याला नाही.

साल विचारू नका

"हे कितव्या साली?" या प्रश्नाला उत्तर मिळत नाही, मिळालं तर चुकीचं मिळतं, आणि शिवाय समोरचा माणूस परीक्षेला बसल्यागत आखडतो. त्याऐवजी किनाऱ्यावरच्या सगळ्यांना आठवणाऱ्या घटना एका कागदावर लिहून न्या आणि त्यांच्या आधी की नंतर, एवढंच विचारा.

माझ्या कागदावर साधारण या असतात. रामदास बोट बुडाली, १७ जुलै १९४७, मुंबईहून रेवसला जाताना, गटारी अमावास्या. सहाशेहून जास्त माणसं गेली. कोयनेचा भूकंप, ११ डिसेंबर १९६७ ची पहाट. सिंधुदुर्ग जिल्हा वेगळा झाला, १ मे १९८१. गिरण्यांचा संप, १८ जानेवारी १९८२. कोकण रेल्वे पूर्ण मार्गावर धावायला लागली, २६ जानेवारी १९९८. पुढे २६ जुलै २००५ चा पाऊस, नोव्हेंबर २००९ चं फयान वादळ, ३ जून २०२० चं निसर्ग वादळ. यांत गावच्या घटनांची भर घाला: लाईट कधी आली, एसटी कुठपर्यंत यायची, नळ कधी आले, पूल कधी झाला. "भूकंप झाला तेव्हा थोरला मांडीवर होता की चालत होता?" एवढ्यावर दोन वर्षांच्या आत साल बसतं.

दर्यावरच्या माणसाकडे याहून चांगलं साधन आहे. तांडेल, म्हणजे होडीचा म्होरक्या, इंग्रजी तारीख सांगणार नाही, पण उधाण होतं की भांग ते सांगेल. उधाण म्हणजे मोठी भरती, अमावास्या-पौर्णिमेच्या आसपास; भांग म्हणजे लहान, अष्टमीच्या. साल आणि महिना बसला की जुनं पंचांग उघडून तारखेच्या जवळ जाता येतं.

एक सावधगिरी. मोठ्या दुर्घटनेच्या आसपास आठवणी गोळा होतात. "मी पण रामदासवर जाणार होतो, पण उशीर झाला" असं सांगणारी माणसं किनाऱ्यावर पुष्कळ भेटतात. ती सगळी खरी धरली तर तेवढीच दुसरी बोट लागली असती. यात लबाडी असतेच असं नाही. कधी ते वडिलांच्या बाबतीत घडलेलं असतं, कधी शेजाऱ्याच्या, आणि इतक्यांदा ऐकलेलं असतं की स्वतःचं होऊन जातं. तोंडावर खोडू नका. 'ते सांगतात' असं लिहा आणि पुढे चला.

मुंबईतला अर्धा माणूस

इथे सगळ्यात जास्त वेळ द्या. कोकणातल्या लेखांचं घोडं इथेच पेंड खातं.

२०११ च्या जनगणनेत रत्नागिरी जिल्ह्यात दर हजार पुरुषांमागे ११२२ बायका होत्या. पुरुष गेले मुंबईला, नंतर आखातात. त्यामुळे कित्येक आयुष्यं दोन ठिकाणी वाटलेली आहेत आणि पूर्ण आयुष्य पाहिलेला एकही साक्षीदार नाही. गावाने पाहिला तो गणपतीला नि शिमग्याला येणारा, ट्रंक उघडून प्रत्येकाच्या हातावर काहीतरी ठेवणारा, पालखी खांद्यावर नाचवणारा माणूस. रात्रपाळीला मागावर उभा असलेला, लालबाग-परळच्या एका खोलीत दहा-पंधरा जणांत पाळीपाळीने झोपणारा माणूस गावाने पाहिलाच नाही. आणि खोलीतल्या सोबत्यांनी त्याला लावणीच्या चिखलात पाहिलं नाही. गावात विचारलंत तर "हात सैल, राजा माणूस." खोलीवर विचारलंत तर "एक पै सोडायचा नाही." दोन्ही बरोबर, पै सोडली नाही म्हणून तर ट्रंक भरली.

तेव्हा गावातल्या चार माणसांइतकंच मुंबईच्या खोलीतल्या निदान एका सोबत्याला गाठा. हयात नसेल तर गावाच्या मुंबई मंडळाची जुनी वर्गणीची वही मागा. कुणी किती दिले, कुणी कुठल्या वर्षी दिले नाहीत, यातून पुष्कळ कळतं.

संपाचं उदाहरण घेऊ. १९८२ च्या संपात अडीच लाखांच्या आसपास कामगार होते आणि त्यांतले कितीतरी कोकणातले. गिरणी कामगारावर लिहिताना एकच प्रश्न तिघांना वेगवेगळा विचारा: त्याला, बायकोला, थोरल्या मुलाला. "संपाच्या वर्षी घर कसं चाललं?" तो म्हणेल, "भागवलं." ती म्हणेल, "माझ्या पाटल्या गेल्या." मुलगा म्हणेल, "मी नववीतून शाळा सोडली." नवखा लेखक या तिघांचं कालवून एक वाक्य करतो: 'अत्यंत हलाखीत पण धीराने त्या कुटुंबाने तो काळ काढला.' संपलं, तिघंही पुसले गेले. ती तीन उत्तरं एकाखाली एक ठेवा. जोडणारं वाक्य लिहू नका.

घरात जुनी मनीऑर्डरची कुपनं आहेत का तेही विचारा. फॉर्मच्या तळाशी कुपन असायचं, दोन-चार ओळींची जागा. पैसे देताना पोस्टमन ते फाडून घरी द्यायचा. देव्हाऱ्याच्या मागे, पोटमाळ्यावरच्या डब्यात, खुंटीच्या तारेला टोचून ठेवलेली अशी कुपनं सापडतात. पैसे अमुक पाठवले, भात झोडून झालं का, धाकट्याचा ताप उतरला का, आईस नमस्कार. मजकूर बहुतेक वडिलांच्या नावाने. बायकोचं नाव नसतंच. यावरून नवऱ्याचं तिच्यावर लक्ष नव्हतं असं लिहून मोकळे होऊ नका. वडील हयात असताना बायकोच्या नावाने लिहायची रीतच नव्हती. त्याऐवजी तिला विचारा, कुपन वाचून कोण दाखवायचं? सासरे? पोस्टमन? शाळेत जाणारा दीर? आणि उत्तर कोण लिहायचं, तिने सांगितलेलं सगळं त्यात जायचं का? नवराबायकोचं बोलणं वीस वर्षं तिसऱ्याच्या तोंडून होत होतं, हे एवढ्या प्रश्नांतून बाहेर येतं.

आणि नवऱ्याचं चरित्र लिहायला आलेल्याने बायकोकडे स्वतंत्र बसलंच पाहिजे, चहा आणून देते तेवढ्यापुरतं नाही. आपल्याकडे याचा दाखला मोठ्या घरातच आहे. दापोलीजवळच्या मुरुडचे धोंडो केशव कर्वे आणि देवरुखच्या आनंदीबाई, म्हणजे बाया कर्वे. लग्न १८९३ चं, विधवाविवाह. कर्व्यांचं 'आत्मवृत्त' १९१५ मध्ये आलं, बाईंचं 'माझे पुराण' १९४४ मध्ये. संस्था उभी करणाऱ्याचा हिशेब एका पुस्तकात आहे आणि त्या संस्थेपायी घरात काय ओढाताण झाली ते दुसऱ्यात. नुसतं पहिलंच हाती असतं तर कर्वे आपल्याला जेवढे कळले त्याहून कमी कळले असते. तुमच्या गावातल्या बाईने पुस्तक लिहिलेलं नसणार. म्हणून तर विचारायला जायचं.

कधी बसायचं, काय विचारायचं

आंब्याच्या दिवसांत बागायतदाराकडे जाऊ नका. पेट्या भरायच्या असतात, आंबे काढायचा झेला घेऊन माणसं झाडावर असतात, तुमच्याकडे कोण बघतो? लावणीत शेतकऱ्याकडे नको. मच्छीमाराकडे १ जून ते ३१ जुलै या बंदीच्या काळात जा; होड्या वर ओढलेल्या असतात, जाळी दुरुस्त करत माणसं बसलेली असतात आणि हात चालू असले की तोंड सैल सुटतं. बाजारात बसलेल्या मासेवाल्या काकीला तिच्या पाटीपाशी गाठू नका, गिऱ्हाईक तुटतं. बायकांकडे दुपारी तीननंतर, मुलगा घरात नसताना. मुलगा शेजारी बसला की आईची उत्तरं तोच देतो.

मोबाईलवर रेकॉर्ड करायचं तर विचारून, आणि फोन समोर दिसेल असा ठेवून. खिशात चालू ठेवणाऱ्याशी मी पुढे काम करत नाही.

"तेव्हा तुम्हाला कसं वाटलं?" हा टीव्हीवाल्यांचा प्रश्न आहे, तो त्यांनाच असू द्या. वाटण्याबद्दल विचारलं की माणूस ऐकलेली वाक्यं सांगतो. "काय सांगू, सगळा जन्म कष्टात गेला." हे वाक्य आलं की खाली उतरा: पाणी कुठून आणायचात? विहीर पाखाडीच्या (पायऱ्यांच्या वाटेच्या) वर की खाली? किती हंडे? पोटुशी असताना कोण आणायचं? दिवसाला किती हंडे आणि त्यातले सासूच्या स्नानाला किती, इथपर्यंत गेलात की कष्ट हा शब्द लेखात लिहावाच लागत नाही.

हातातलं काम करून दाखवायला सांगा. रापणकराला रापण समजावून सांग म्हटलं तर दोन वाक्यांत संपतं. किनाऱ्यावर गेलात तर दिसतं की जाळ्याचं एक टोक काठावर धरून होडी वळसा घालून दुसरं टोक घेऊन येते, मग दोन्हीकडून माणसं ओढतात, आणि ओढताना कोण कुणाला शिव्या घालू शकतो, कोण गप्प ओढतो, मासळीचे वाटे पडताना कुणाचा वाटा कुठे ठेवला जातो. माणसाची गावातली जागा तिथे कळते.

आणि गप्प बसायला शिका. समोरचा थांबला की नवखा लगेच पुढचा प्रश्न टाकतो. थांबा. पावसाचा, कोंबड्यांचा आवाज रेकॉर्ड होऊ दे.

आपल्याकडच्या माणसांच्या तिरकस बोलण्याला भुलू नका. "कसं काय अण्णा?" "मरण येत नाय म्हणून बरा." वाचकाला हसायला येतं, लेखकाला लिहायला मजा येते, आणि बघता बघता अण्णांचा तो रत्नागिरीच्या आळीतला, सगळ्यांना पाठ असलेला म्हातारा, पु. लं.चा अंतू बर्वा, होऊन जातो. कोकणावर लिहिणाऱ्या निम्म्या लोकांनी त्या एकाच म्हाताऱ्याच्या नकला केल्यात. तिरकस बोलणं हे बरेचदा दार लावून घेणं असतं. अण्णा कुणाशी तसं बोलत नाहीत, ते शोधा. बैलाशी? नातीशी? आजारी बायकोशी? तिथून लिहायला लागा.

लिहिताना

मसुद्याच्या प्रत्येक वाक्याला एक प्रश्न विचारा: हे मला कसं कळलं? उत्तरं चारच असतात. मी पाहिलं, त्यांनी सांगितलं, दुसऱ्याने सांगितलं, कागदावर आहे. पाचवं उत्तर 'तसं असणारच' असं असेल तर वाक्य काढा. एक नमुना देतो, असे परिच्छेद माझ्याकडे दर वर्षी येतात:

'पितृछत्र हरपल्याने खचून न जाता, अवघ्या बाराव्या वर्षी, डोळ्यांत मोठी स्वप्नं घेऊन त्यांनी मुंबईची वाट धरली.'

आता वहीत होतं ते असं: 'वडील वारले तेव्हा आपण बारा वर्षांचे होतो असं ते सांगतात; शाळेच्या रजिस्टरप्रमाणे चौदा. मामा मुंबईला घेऊन गेले. जायची इच्छा होती का, असं विचारल्यावर म्हणाले, "कोणी विचारलंन?"'

स्वप्नं कुठून आली? लेखकाने घातली. आणि ती घातल्यामुळे ज्या मुलाला कुणी काही विचारलंच नाही, तो मुलगा लेखातून गेला. 'त्यांच्या मनात आलं', 'त्यांना भरून आलं', 'नियतीच्या मनात काही वेगळंच होतं' ही वाक्यं दिसतील तिथे कापा. नियतीच्या मनातलं तर कुणालाच माहीत नसतं.

बोलीचं थोडक्यात सांगतो. मालवणी, संगमेश्वरी, आगरी, मोहल्ल्यातली बोली, यांतली जी तुम्हाला घरून येत नाही ती रचून लिहू नका. रेकॉर्डिंगमधली दोन-तीन वाक्यं जशीच्या तशी घ्या, बाकी सगळं तुमच्या साध्या मराठीत. अख्खा लेख बोलीत आणि तोही चुकीच्या, म्हणजे त्या माणसाला रंगमंचावर उभं करून हसण्यासारखं आहे.

जिथे कळलं नाही तिथे तसं लिहा. '१९६० ते ६४ ही वर्षं ते कुठे होते हे घरात कुणी सांगू शकलं नाही.' हे वाक्य छापायला लोक घाबरतात, वाचकाला मात्र ते आवडतं. अनेकदा लेख छापून आल्यावर त्या चार वर्षांचा साक्षीदार आपण होऊन पत्र पाठवतो.

काय छापायचं नाही

मुंबईतलं दुसरं घर, दारू, टाकलेली बायको, देवस्कीचे (देवाधर्माच्या तोडग्यांचे) खर्च, कुणाच्या तरी आत्महत्येचं खरं कारण. हे सगळं तुमच्या कानावर येणारच, आणि बहुतेक वेळा फोन बंद केल्यावर, चप्पल घालताना येणार. फोन बंद झाल्यावर सांगितलेलं छापायचं नाही. छापावंसं वाटलंच तर पुन्हा जाऊन विचारायचं.

कायद्याचं मोजकं माहीत असावं. सार्वजनिक नोंदींवर आधारलेलं चरित्र परवानगीशिवाय लिहिता येतं, पण त्यापलीकडे माणसाचं लग्न, घर, मुलंबाळं अशा खाजगी गोष्टी छापायला त्याची संमती हवी, असं सर्वोच्च न्यायालयाने १९९४ मध्ये सांगितलंय. वारलेल्या माणसाबद्दलही काहीही लिहावं असं नाही. घरच्यांचं मन दुखावण्याच्या हेतूने मृताची बदनामी करणारं लिहिलं तर तो भारतीय न्याय संहितेच्या कलम ३५६ खाली गुन्हा होऊ शकतो. पत्रांचंही ध्यानात ठेवा. पत्राचा कागद ज्याला आलं त्याचा, पण मजकुराचा हक्क लिहिणाऱ्याचा, आणि त्याच्यामागे साठ वर्षं वारसांचा.

पण अडचण बहुतेक वेळा कायद्याची नसते. माझी रीत अशी: ज्याने हयात तिसऱ्या माणसाला गावात मान खाली घालावी लागेल ते वगळायचं. मात्र वगळलेल्या जागी उलटं लिहायचं नाही. नवरा-बायको वीस वर्षं बोलत नव्हती, हे गाळता येतं. गाळून तिथे 'सुखाचा संसार केला' असं लिहिणं ही फसवणूक झाली. ज्या बाईने ती वीस वर्षं काढली ती ते वाचणार आहे, किंवा तिला कुणीतरी वाचून दाखवणार आहे.

वाचून दाखवणं

छापण्याआधी लेख त्या माणसाला वाचून दाखवा. व्हॉट्सअ‍ॅपवर पाठवू नका. तो मुलाच्या फोनवर जातो आणि मुलाच्या दुरुस्त्या परत येतात. ओटीवर बसून, मोठ्याने, सावकाश वाचा. ऐकताना माणूस कुठे हुंकार देतो आणि कुठे पडवीतून बाहेर बघायला लागतो ते टिपा. बाहेर बघायला लागला तिथे बहुतेक तुमचं काहीतरी सजवलेलं असतं.

वाद होतील ते दोन प्रकारचे. "तो माझा मेहुणा नव्हे, साडू" हा पहिला. मुकाट्याने दुरुस्त करा. "गरिबीचं काढून टाक, पोरांची लग्नं व्हायचीत" हा दुसरा, आणि तो बहुधा मुलगा किंवा सून घालते. इथे मी ज्याचं आयुष्य त्याला विचारतो, बाकीच्यांना नाही. त्याने काढ म्हटलं तर काढायचं. त्याने ठेव म्हटलं आणि मुलगा अडून बसला, तर मुलाचं म्हणणं दोन ओळींत खाली घालायचं. भावाभावांत एखाद्या प्रसंगावर एकमत नसेल तर दोघांचंही छापा, नावानिशी. वारलेल्या माणसावर लिहीत असाल तर निदान दोन वेगवेगळ्या घरांत वाचून दाखवा, त्यातलं एक त्याच्याशी न पटणारं असू दे.

लेख छापून झाला की रेकॉर्डिंग, वही आणि कागदांचे फोटो जपायचे. आपल्या हवेत कागदाला बुरशी धरते, वाळवी लागते, आणि पूर आला तर काही उरतच नाही. २२ जुलै २०२१ ला चिपळुणात घराघरांतले दाखले, अल्बम, पत्रं गेली. पावसाळ्याआधी सगळ्याचे फोटो काढा. फाईलच्या नावात माणसाचं नाव, वाडी आणि तारीख घाला, नुसतं 'नवीन रेकॉर्डिंग' नको. एक प्रत त्या घराला, एक तुमच्याकडे, आणि घरच्यांची हरकत नसेल तर एक जवळच्या वाचनालयाला. रत्नागिरीचं नगर वाचनालय १८२८ पासून चालू आहे, तालुक्यालाही जुनी वाचनालयं आहेत. देताना पोच घ्या, आणि ठेवणार ते कपाट तळमजल्यावर आहे की वरच्या मजल्यावर, तेवढं विचारून घ्या.